मुलांना झूमध्ये न्यायचंय? मग एकेक पिंजरा असा तपासा

शाळेला सुट्टी लागली की मुलं म्हणतात राणीच्या बागेत चला, कात्रजला चला, आणि घरातलं एखादं कॉलेजातलं पोरगं म्हणतं की झू म्हणजे प्राण्यांची जेल आहे, आपणच तिकिटाचे पैसे भरून ती चालू ठेवतो. दोघांचंही थोडंथोडं खरं असतं म्हणून वाद काही मिटत नाही. माझं म्हणणं असं की "झू चांगलं की वाईट" हा प्रश्न घेऊन बसूच नका, त्याला एक उत्तर नाहीच. प्रत्येक पिंजऱ्यासमोर उभं राहून दोन गोष्टी विचारा. हा प्राणी इथे का आलाय? आणि इथे नसता तर आज तो खरंच दुसरीकडे कुठे राहू शकला असता? एकाच झूमध्ये एका पिंजऱ्याचं उत्तर "ठीक आहे" येतं आणि वीस पावलांवरच्या दुसऱ्याचं "हे बंद करा राव" असं येतं. हे कसं बघायचं तेवढंच खाली लिहितेय, जेल वाल्यांनी आणि "मुलांना प्राणी दिसले पाहिजेत" वाल्यांनी दोघांनीही वाचा.

घरून निघायच्या आधी

भारतात कोणालाही वाटलं म्हणून झू काढता येत नाही. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात 1991 ला दुरुस्ती झाली, त्यातून 1992 ला सेंट्रल झू ऑथॉरिटी आली (सगळे सीझेडए म्हणतात, मीपण तेच म्हणते), आणि तिची मान्यता नसेल तर झू चालवणं बेकायदेशीर. मान्यता असलेल्या झूंची यादी त्यांच्या वेबसाईटवर आहे. तुम्ही जाताय त्याचं नाव यादीत आहे का ते आधी बघा. सरकारी किंवा महापालिकेचं मोठं झू असेल तर सहसा असतंच, खरी गंमत रिसॉर्ट आणि अॅग्रो टुरिझम वाल्यांकडे असते, तिथे "मिनी झू" अशी पाटी लावून मकाव, इग्वाना, एखादा अजगर ठेवलेला असतो आणि गळ्यात घालून फोटो काढायचे वेगळे पैसे घेतात. अशा ठिकाणी नैतिकतेची चर्चा वगैरे करत बसायची गरज नाही, सरळ जाऊ नका. आणि आपला देशी पोपट पिंजऱ्यात दिसला तर लक्षात घ्या की तो घरात ठेवणंसुद्धा गुन्हा आहे, लोकांना अजून माहीत नसतं, अगदी चांगल्या सुशिक्षित घरांच्या बाल्कनीत मिठू मिठू चालू असतं.

आता थोडं कंटाळवाणं पण सगळ्यात कामाचं. प्रत्येक मान्यताप्राप्त झूला दरवर्षी आपल्याकडच्या प्राण्यांचा हिशेब द्यावा लागतो, त्याला इन्व्हेंटरी म्हणतात, आणि ती नेटवर सापडते. वर्षाच्या सुरुवातीला किती, जन्मले किती, बाहेरून आले किती, दुसरीकडे दिले किती, मेले किती, शेवटी उरले किती, असे रकाने असतात. आकडे 2.3.1 असे तीन भागात लिहिलेले दिसले तर गोंधळू नका, पहिला नर, दुसरा मादी, तिसरा ज्यांचं लिंग कळलेलं नाही ते. म्हणजे दोन नर, तीन माद्या, एक पिल्लू वगैरे.

ह्या तक्त्यात मृत्यूचा आकडा बघून लगेच पोस्ट टाकायची नाही हां. म्हातारा वाघ झूमध्ये मेला तर त्यात वाईट काही नाही, उलट जंगलात वाघ एवढा म्हातारा होतच नाही. बघायचं ते वेगळंच. एकाच जातीची पिल्लं दरवर्षी जन्मतात आणि दरवर्षी मरतात का? कळपात राहणाऱ्या प्राण्याच्या रकान्यात 1.0.0 आहे का, म्हणजे एकटा नर, त्याला कोणीच नाही? चितळांचा आकडा फुगत चाललाय का? हे चितळांचं लोकांना पटत नाही, पिल्लं झाली म्हणजे प्राणी खुश आहेत असं वाटतं, पण हरणं कुंपणाच्या आत पटापट वाढतात, शिकारी नाही, जागा तेवढीच, मग गर्दी आणि रोगराई. तिथे नर-माद्या वेगळ्या ठेवणं हे चांगल्या मॅनेजमेंटचं लक्षण आहे, "पिल्लांचा जन्म, झूमध्ये आनंदाचं वातावरण" ही बातमी नाही.

जायची वेळ म्हणाल तर सकाळी उघडल्या उघडल्या, आणि शक्यतो रविवार सोडून. राणीबाग आणि कात्रज बुधवारी बंद असतात ते लक्षात ठेवा. आठवड्यातून एक दिवस झू बंद ठेवणं नियमातच आहे, आणि बऱ्याच ठिकाणी वाघ-सिंहांना आठवड्यातून एक दिवस उपास असतो, त्यावरून "बघा उपाशी मारतात" असे मेसेज फिरतात. जंगलात वाघाला रोज कुठे मिळतं खायला, ते काही छळणं नाही.

एकाच पिंजऱ्यापुढे थांबा

आपण काय करतो, दोन तासात सगळं झू "करून" टाकतो, वाघ झाला, अस्वल झालं, आता आईस्क्रीम. असं बघून काहीच कळत नाही. त्यापेक्षा तीन-चारच प्राणी निवडा आणि प्रत्येकापुढे पंधरा-वीस मिनिटं नुसतं उभं राहा. मुलांना बोअर होईल असं वाटतं पण त्यांना काम दिलं की होत नाही, एका मुलाला सांगायचं की प्राणी काय काय करतो ते मोज, दुसऱ्याला सांगायचं तो कुठे कुठे जातो त्याचा नकाशा काढ.

त्या नकाशात सगळं येतं. एका झूमध्ये (नाव लिहीत नाही) तरसाच्या आवारात जाळीच्या कडेने मातीत एक वाट पडलेली पाहिली होती, हातभर रुंद, गवताचं एक पातं नाही, अगदी गुळगुळीत. तरस जाळीला लागून जायचा, कोपऱ्यात ठरलेल्या जागी मान डावीकडे फिरवायचा, पुढचा पाय एका विशिष्ट दगडावर ठेवायचा, वळायचा, परत. मान पुन्हा तिथेच, पाय पुन्हा त्याच दगडावर. शेजारची माणसं म्हणत होती "काय मस्त ॲक्टिव आहे बघ". तो अजिबात ॲक्टिव नव्हता, तो अडकला होता. कुठे पोचायचं नसताना, समोर काही नसताना, तीच हालचाल तशीच्या तशी परत परत करणं, ह्याला स्टिरिओटाइपी म्हणतात. वाघ-बिबट्या-तरस-लांडगे येरझाऱ्या घालतात, अस्वलं डोकं हलवत बसतात, हत्ती एका जागी डुलतो, माकडं स्वतःचेच केस उपटतात, पोपट पिसं उपटतात. हत्ती डुलतोय म्हणून मोबाईलवर गाणं लावून रील करणारे लोक बघितलेत, त्यांना काय बोलणार.

पण इथे घाई नको. येरझाऱ्या दिसल्या की झू क्रूर, असं गणित नसतं. संध्याकाळी जेवणाची वेळ जवळ आली की मांजर कुळातले सगळेच रात्रीच्या पिंजऱ्याच्या दाराशी फेऱ्या मारतात, ती वाट बघणं असतं. आणि काही प्राणी आधीच्या वाईट जागेतून ती सवय घेऊन आलेले असतात, सर्कशीतून सोडवलेला सिंह उत्तम आवारात ठेवला तरी आयुष्यभर चार पावलांवर वळत राहू शकतो. म्हणून मातीतली वाट, वेळ आणि प्राण्याचा इतिहास तिन्ही बघायचं. आणि याउलट दुपारी बारा वाजता झोपलेला वाघ बघून "बिचारा डिप्रेशनमध्ये आहे" असंही म्हणू नका, वाघ दिवसाचा मोठा भाग झोपूनच काढतो, ताडोबात पण.

एक गोष्ट मात्र अभ्यासातून पक्की समोर आलीय, की रानात ज्यांचं फिरणं मोठं असतं त्या मांसभक्षकांना कैदेत जास्त त्रास होतो. ध्रुवीय अस्वल ह्यात सगळ्यात वाईट उदाहरण. म्हणजे सगळे प्राणी झूमध्ये सारखेच दुःखी नसतात, काहींना जमतं, काहींना जमतच नाही. 2016 ला आलेल्या एका मोठ्या अभ्यासात तपासलेल्या सस्तन प्राण्यांपैकी 80 टक्क्यांहून जास्त जाती रानापेक्षा झूमध्ये जास्त जगतात असं निघालं. आणि 2008 ला हत्तिणींवरचा अभ्यास आला त्यात युरोपातल्या झूमधली आफ्रिकन हत्तीण सरासरी 17 वर्षं जगते आणि केनियातल्या अंबोसेलीत, माणसाने मारली नाही तर, 56 वर्षं. दोन्ही खरंय. म्हणून म्हणते एकेक पिंजरा बघा.

आवारात काय शोधायचं

मोठी जागा म्हणजे चांगली जागा असं आपल्याला वाटतं. जागा लागतेच, सीझेडएच्या निकषात वाघ-सिंहाच्या जोडीला किमान 1000 चौरस मीटर मोकळं आवार सांगितलंय, म्हणजे जवळजवळ दहा गुंठे. ऐकायला बरं वाटतं पण जंगलात एका वाघिणीचं क्षेत्र वीसेक चौरस किलोमीटरचं असतं, नराचं त्याच्या कितीतरी पट, त्यामुळे झू जागेच्या बाबतीत कधीच जिंकणार नाही. जिंकू शकतं ते जागेत काय आहे ह्याच्यावर. रिकामं मैदान दहा गुंठ्याचं असो की एकराचं, वाघ एका कोपऱ्यातच पडून राहणार.

तर पहिलं हे बघा की प्राण्याला लपता येतं का. तुम्हाला वाघ दिसला नाही तर चिडू नका, ते चांगलं लक्षण आहे! जिथे चारही बाजूंनी लोक आणि मधे प्राणी, मागे जायला झाडी नाही, आडोसा नाही, ते आवार लोकांसाठी बांधलंय. बिबट्याला उंचावर बसायला लाकडी माचाण किंवा झाड आहे का, तो वरून आपल्याकडे बघणारा प्राणी आहे, त्याला खड्ड्यात ठेवून आपण वरून बघतो हे त्याच्यासाठी उलटंच झालं. पायाखाली माती आहे की सगळं सिमेंट? सिमेंट धुवायला सोपं म्हणून जुन्या पिंजऱ्यात तेच असायचं, पण जड प्राण्यांचे तळपाय आणि सांधे त्याने जातात. सापाच्या काचेच्या पेटीत साप पूर्ण लांबीला सरळ होऊ शकतो का ते बघा, हा साधा निकष आहे आणि बऱ्याच पेट्या त्यात नापास होतात. आणि काचेवर टकटक करणाऱ्याला तिथल्या तिथे थांबवा, सापाला ती कंपनं अंगभर कळतात.

मग सोबत. वाघ-बिबट्या एकटा असला तर हरकत नाही, तो तसाच राहतो. पण एकटं माकड, एकटा लांडगा, एकटा हत्ती म्हणजे शिक्षा आहे, मग आवार कितीही मोठं असू दे.

आणि करायला काही आहे का? ह्याला एनरिचमेंट म्हणतात, नाव मोठं आहे पण असतं साधंच, अस्वलासाठी लाकडाच्या ओंडक्याला भोकं पाडून त्यात मध घालतात, माकडांचं खाणं टोपलीत न देता आवारभर विखरून किंवा गोणपाटात गुंडाळून ठेवतात, मांजर कुळाला दुसऱ्या प्राण्याच्या वासाचं गवत आणून टाकतात, उन्हाळ्यात बर्फाच्या लादीत फळं गोठवून देतात. असा अस्वलाचा ओंडका एकदा बघा, अस्वल त्या भोकाला तोंड लावून एवढ्या जोरात ओढतं की आवाज कुंपणाबाहेर येतो, पुढच्या नखांनी ओंडका फिरवतं, परत ओढतं, अर्धा तास त्याला जगाची पर्वा नसते. रानात ते वारुळातून वाळवी अशीच ओढतं, तोच जबडा, तीच युक्ती. हे बघायला मिळालं तर पैसे वसूल, मुलांनाही अस्वल म्हणजे काय ते कळतं. त्याच अस्वलाला जर पेरूच्या आणि पोळीच्या तुकड्यांसाठी दोन पायावर उभं राहायची सवय लागली असेल आणि लोक हसतायत, तर मुलं काय शिकली?

ह्यातलं बरंच आपल्याला दिसतच नाही हेही सांगते. रात्रीचे पिंजरे मागे असतात, आणि प्राणी बारा-चौदा तास तिथेच असतो. कीपरला विचारा. सगळे कीपर बोलत नाहीत, साहेबांची भीती असते, पण "काका ह्याचं नाव काय, कुठून आला, रात्री कुठे झोपतो" एवढं प्रेमाने विचारलं तर बहुतेक जण भरभरून सांगतात, वीस-वीस वर्षं त्याच प्राण्यांमध्ये काढलेली माणसं असतात ती. कीपरला बघून प्राणी जवळ येतो की मागे सरतो, तेही बघून ठेवा.

हा इथे का आलाय

आता पहिला प्रश्न. उत्तरं साधारण तीन प्रकारची येतात आणि तिन्हीची किंमत वेगळी.

काही जण दुसरा इलाजच नव्हता म्हणून आलेले असतात. जुन्नरजवळ माणिकडोहला बिबट्यांचं केंद्र आहे, तिथे आयुष्यभरासाठी राहणारे बिबटे आहेत. उसात जन्मलेले, सापळ्यात जखमी झालेले, माणसांवरच्या हल्ल्यानंतर पकडलेले. त्यांना सोडा म्हणणं सोपं आहे, कुठे सोडणार? नाचवायच्या अस्वलांचंही तेच, लहानपणीच नाकात तापलेली सळई घालून भोक पाडलेलं, दात तोडलेले. भारतातली ही प्रथा 2009 च्या सुमारास संपली, पण सुटका झालेली अस्वलं जंगलात जगू शकत नव्हती. अशा प्राण्याच्या बाबतीत जेल हा शब्दच चुकीचा आहे. पण इथेही एक मेख आहे. "रेस्क्यू" शब्द सध्या सगळेच लावतात. ऊसतोडीत बिबट्याची पिल्लं सापडली की लोकांना वाटतं उचलून झूमध्ये नेऊन दिली म्हणजे वाचवली. खरं तर आई जवळपासच असते. वनखात्याची माणसं आणि डॉक्टर पिल्लं तपासून त्याच जागी खोक्यात ठेवतात, रात्री आई येते आणि एकेक उचलून नेते, जुन्नर भागात हे वारंवार झालंय. म्हणजे जे पिल्लू झूमध्ये पोचलं त्यातलं प्रत्येक अनाथच होतं असं नाही, तेव्हा पाटीवर "रेस्क्यू" दिसलं तर पुढचा प्रश्न विचारायचाच, परत सोडायचा प्रयत्न झाला होता का?

दुसरे, वंश वाचवायला ठेवलेले. झूवाले सगळ्यात जास्त हेच कारण देतात, आणि जगात ह्याची मोठी उदाहरणं आहेत, अरबी ओरिक्स (वाळवंटातलं हरणासारखं लांब शिंगांचं जनावर) 1972 ला रानातून संपला होता आणि झूमध्ये वाढवलेले 1982 ला ओमानमध्ये परत सोडले. आपल्याकडे दार्जिलिंगच्या झूने लाल पांडा वाढवून 2003 ला सिंगालिलाच्या जंगलात सोडले. गिधाडांना डायक्लोफिनॅकने मारलं, म्हणजे गुरांना द्यायच्या एका वेदनाशामक औषधाने, ते मेलेल्या गुरांच्या मांसातून गिधाडांच्या पोटात जायचं, ते गुरांना द्यायला 2006 ला बंदी आली, दरम्यान हरियाणात पिंजोरला गिधाडं वाढवायला सुरुवात झालेली होती, आणि तिथली गिधाडं 2024 ला आपल्या विदर्भात आणली गेली. माळढोकचं तर काय सांगायचं, सोलापूरचं नान्नज ज्याच्यासाठी अभयारण्य झालं तो पक्षी तिथे आता जवळजवळ राहिलाच नाही, आणि राजस्थानात 2019 पासून रानातली अंडी उचलून पिल्लं वाढवतायत म्हणून काहीतरी आशा आहे.

पण ह्यातली गंमत बघा. पिंजोरला तिकीट काढून जाता येत नाही. माळढोकच्या केंद्रात शाळांच्या सहली जात नाहीत. खरं संवर्धन चालतं तिथे लोकांना लांब ठेवतात, कारण माणसाची सवय लागलेला पक्षी परत सोडता येत नाही. म्हणून गर्दीच्या झूमध्ये पाटीवर "संवर्धन" लिहिलेलं दिसलं तर विचारा, ह्याची पिल्लं आजवर रानात गेली का, जाणार आहेत का? नाही म्हटलं तर मग ते संवर्धन नाही, प्रदर्शन आहे. प्रदर्शन करणं गुन्हा नाही, पण त्याला त्याचं नाव द्या.

तिसरे म्हणजे हे प्रदर्शन वाले. ह्यात मला सगळ्यात खटकतो तो पांढरा वाघ. संभाजीनगरच्या सिद्धार्थ उद्यानात काय, कात्रजला काय, त्याच्यापुढे सगळ्यात जास्त गर्दी असते आणि लोक समजतात ही वेगळी दुर्मिळ जात आहे. जात वगैरे काही नाही. आपल्याच वाघाच्या एका जनुकातला बदल आहे. 1951 ला रेवाच्या महाराजांनी मोहन नावाचं पांढरं पिल्लू पकडलं, त्याच्याशी साध्या वाघिणीची जोडी लावली तर पिल्लं पिवळीच झाली, मग मोहनची जोडी त्याच्या स्वतःच्या मुलीशी लावली तेव्हा पांढरी पिल्लं आली. आजचे बहुतेक पांढरे वाघ ह्याच घराण्यातले, जवळच्या नात्यात जोड्या लावून लावून आलेले, म्हणून त्यांच्यात तिरळेपणा आणि बाकी दोष दिसतात. रंगाच्या त्या जनुकामुळेच डोळ्यांच्या नसांची मेंदूतली जोडणी बिघडते. अमेरिकेतल्या झूंच्या संघटनेने 2011 ला सदस्यांना पांढऱ्या वाघांची पैदास बंद करायला सांगितली. आहेत ते वाघ नीट सांभाळा, त्यांचा काय दोष, पण नवीन पिल्लं काढू नका, एवढं साधं आहे. संवर्धनाच्या हिशेबात त्यांची किंमत शून्य.

राणीबागेतले पेंग्विन जरा अवघड केस आहे. 2016 ला सोलहून आठ हम्बोल्ट पेंग्विन आले, काही महिन्यातच एक मेला, पेपरात महिनाभर तेच चाललं होतं, 2017 च्या मार्चपासून लोकांना दाखवायला लागले आणि 5 रुपयांचं तिकीट 50 वर गेलं. "मुंबईच्या उकाड्यात बर्फातले पक्षी" असं अजूनही म्हणतात, ते मात्र चूक आहे, हम्बोल्ट पेंग्विन अंटार्क्टिकाचे नाहीतच, ते पेरू आणि चिलीच्या किनाऱ्यावरचे, त्यांना बर्फ लागत नाही, थंड पाणी आणि साधारण 16 ते 18 अंश हवा लागते आणि ती तिथे दिली जाते. त्यांची पिल्लंही झालीत आणि वाढलीत. म्हणजे देखभालीच्या परीक्षेत पास. पण "इथे का" ह्याचं उत्तर लोकांनी बघायला यावं म्हणून, ह्यापलीकडे काही देता येत नाही, भायखळ्यात जन्मलेलं पिल्लू काही पेरूच्या समुद्रात जाणार नाही. आणि तेवढ्या पैशात रानमांजर, खवल्या मांजर, इथले लांडगे ह्यांच्यासाठी काय काय झालं असतं असं मला वाटतं, तुम्हाला नाही वाटलं तरी चालेल, फक्त लेकरांना "बर्फातला पक्षी" सांगू नका.

काही प्राण्यांच्या बाबतीत आपल्याकडे सरळ निर्णयच झालेत. हत्ती झूमध्ये आणि सर्कशीत ठेवू नयेत असं सीझेडएने 2009 ला सांगितलं. डॉल्फिन शो भारतात नको हे 2013 ला परिपत्रक काढून सांगितलं. वाघ, सिंह, बिबटे, अस्वलं, माकडं सर्कशीत नाचवायला 1998 पासून बंदी. म्हणजे "पूर्वीपासून चालत आलंय" हा मुद्दा कोणी काढला तर हे सांगा, सर्कशीतला सिंह पण पूर्वीपासूनच होता.

हत्तीचं बोलायचं तर कोल्हापूरकरांना राग येईल पण नांदणीच्या मठातल्या महादेवी हत्तिणीचं, म्हणजे माधुरीचं, उदाहरण ह्या दोन प्रश्नांसाठी फार चांगलं आहे. 1992 पासून मठात होती, जुलै 2025 मध्ये कोर्टाच्या आदेशाने जामनगरला वनताराकडे, म्हणजे अंबानींच्या प्राणी केंद्राकडे, नेली, आणि मग अख्खा जिल्हा रस्त्यावर आला. कोर्टासमोर तिच्या पायाच्या आणि सांध्यांच्या दुखण्याचे रिपोर्ट होते, मठाचं म्हणणं वेगळं होतं. मला त्यातलं हे दिसतं की लोकांची माया खरीच होती, रडणाऱ्या बायका काही नाटक करत नव्हत्या, पण माया असली तरी हत्तीला दुसरे हत्ती लागतात, चालायला माती लागते, आणि ते नसेल तर नाही ते नाहीच. आणि हाच प्रश्न पुढच्या जागेलाही लावायचा, मग ती कितीही श्रीमंत असो. आता सोबत कोण आहे, पाय कसे आहेत, बाहेरच्या माणसाला जाऊन बघता येतं का.

मुलं विचारतात तेव्हा

"त्याला घरी का सोडत नाहीत?" हा प्रश्न येणारच. "तो इथेच मजेत आहे" असं खोटं सांगू नका, मुलांना कळतं. जे खरं आहे ते सांगा: हा झूमध्ये जन्मला, ह्याला शिकार कुणी शिकवली नाही, आणि ह्याला माणसाची भीती नाही, सोडला तर गावात येईल आणि मग एकतर माणूस मरेल किंवा तो. मग मुलं म्हणतात "मग ह्याला जन्माला का घातलं?" शाब्बास. तिथे तुम्ही गप्प बसलात तरी चालेल, प्रश्न बरोबर आहे.

आणि कृपा करून वेफर्सची पाकिटं बॅगेतच ठेवा. झूमध्ये प्राण्याला चिडवणं, खायला घालणं, आवाज करून त्रास देणं, कचरा टाकणं हे वन्यजीव कायद्याच्या कलम 38 जे खाली गुन्हा आहे. माकडांना बिस्किटं देणारे आजोबा स्वतःला पुण्यवान समजत असतात, त्यांना मुलासमोर अपमान न करता, "आजोबा, ह्यांना साखरेचा त्रास होतो, डॉक्टरांनी नको सांगितलंय" असं म्हटलं की बहुतेक ऐकतात. खंदकाच्या कठड्यावर मुलाला बसवून फोटो तर अजिबात नको, 2014 ला दिल्लीच्या झूमध्ये एक तरुण खंदकात पडला आणि वाघाने त्याला मारलं, नंतर लोक वाघाला दोष देत होते.

काही चुकीचं दिसलं तर

व्हिडिओ काढा, पण इन्स्टावर टाकायच्या आधी तक्रार करा. नुसत्या व्हायरल क्लिपने होतं काय, चार दिवस शिव्या, मग कीपरची बदली, पिंजरा तसाच. तक्रारीत भावना कमी आणि माहिती जास्त पाहिजे: तारीख, वेळ, कुठला पिंजरा, कुठला प्राणी, काय दिसलं, किती वेळ दिसलं. "प्राण्यांचे हाल होत आहेत" ह्या वाक्याला फाईलमध्ये उत्तर येतं "हाल होत नाहीत". "बिबट्याच्या आवारातल्या पाण्याच्या हौदात सकाळी दहा वाजता पाणी नव्हतं, फोटो जोडला आहे" ह्याला कोणालातरी खरं उत्तर द्यावं लागतं. आधी झूच्या संचालकांना, महापालिकेचं झू असेल तर आयुक्तांना पण, आणि एक प्रत ईमेलने सीझेडएला.

उत्तर नाही आलं तर माहिती अधिकार, महाराष्ट्रात ऑनलाईन होतो, 10 रुपये फी. काय मागायचं ते नीट ठरवून मागा, गेल्या तीन वर्षातले अमुक जातीचे मृत्यू आणि त्यांचे शवविच्छेदनाचे अहवाल, आवाराचं मोजमाप, सीझेडएच्या शेवटच्या तपासणीत काय त्रुटी काढल्या आणि त्यावर काय केलं. शेवटचं सगळ्यात कामाचं, कारण त्रुटी त्यांनीच लिहून ठेवलेल्या असतात, आपल्याला फक्त विचारायचं की पुढे काय झालं.

तिकीट काढूच नये का, तर ज्या झूमध्ये वरच्यातलं बरंचसं बरं दिसतं तिथे काढा, बहुतेक झू सरकारच्या किंवा महापालिकेच्या पैशावर चालतात आणि लोक जायचे बंद झाले म्हणून प्राणी सुटत नाहीत, फक्त बजेट कापलं जातं आणि पहिली कात्री एनरिचमेंटवर बसते. बऱ्याच ठिकाणी प्राणी दत्तक योजना असते, बोरिवलीच्या नॅशनल पार्कात पण आहे, वाढदिवसाला वगैरे लोक घेतात. घ्या, पण पांढऱ्या वाघासाठी रांग लावण्यापेक्षा ज्याला कोणी विचारत नाही अशा तरसाचं किंवा घुबडाचं नाव सांगा, आणि ऑफिसात विचारा की हे पैसे खाण्याला जातात की आवार सुधारायला. खाण्याची सोय त्यांना करावीच लागते, आवाराला दिलेत तर बरं.